धाकटीच्या तोंडात अक्षता

घट बसले की माझा उजवा खांदा दुखायला लागतो. डॉक्टर म्हणतात, वय झालं. वय झालंच आहे, ते काय मला सांगायला पाहिजे? पण वय बाराही महिने असतं आणि खांदा दुखतो तो नेमका नवरात्रात. मी चौथीतनं शाळा सोडली, तरी एवढा हिशेब मला कळतो.

या दिवसांतलं आमच्याकडचं ऊन लय फसवं. सकाळी गार वाटतं आणि दहा वाजले की पाठीला चटका बसतो. सोयाबीनची मळणी चाललेली असते, तिचा भुसा घशात जातो. लोणंदच्या रस्त्यानं झेंडूची पोती भरलेले टेम्पो जातात. झेंडूचा वास लोकांना देवाची आठवण करून देतो. मला रायफलीच्या तेलाची आठवण येते. तेल, वाळलेलं गवत, गोळी सुटल्यावर पायाशी पडणाऱ्या पितळी खोक्यांचा करपट वास. फौजेत आमच्या पलटणीची वर्षाची गोळीबाराची परीक्षा याच दिवसांत असायची. पोरं शाळेच्या परीक्षेला भितात तशी सगळी पलटण तिला भ्यायची. मी मात्र कधी भ्यालो नाही. एका वर्षीचं सोडून.

त्या वर्षाबद्दल मी घरात, गावात लय बोललोय. आणि जे बोललोय ते सगळं खरं नाही.

हे लिहायला बसलो ते नातीच्या फोनामुळं. माझी नात सानिका निमलष्करी दलात आहे. आमच्या घरात माझ्यानंतर वर्दी चढवली ती तिनंच, तिच्या बापानं नाही. घटस्थापनेच्या दुसऱ्या दिवशी तिचा फोन आला.

"आबा, ऐका की. आमच्याकडं नवी रायफल आलीया चाचणीला. जुनीचीच सुधारलेली. दोन्ही चालवून बघायच्या आणि कोणती बरी ते लिहून द्यायचं. चाचणीला माझं नाव निघालंय!"

"मग? चालव की."

"चालवतीया. पण मी जुनीलाच मत देणार. तुमी नव्या रायफलीला नापास केलं हुतं न्हवं? सगळ्या सायबांसमोर? मी इथं सगळ्यांना सांगितलंय, आमच्या घराण्यात नव्याला सहजासहजी पास करत न्हाईत."

ती हसली. मी हसलो नाही. म्हटलं, "रेंज जातीया गं," आणि फोन ठेवला. रेंज चांगली होती.

सानिका पहिलीत असताना गावच्या शाळेत झेंड्याला मला बोलावलं होतं. छातीवर मेडल लावून मी भाषण ठोकलं. "वरनं नवीन रायफल पाठवली होती. सगळे सायब तिच्या प्रेमात. मी एकटा उभा राहिलो आणि दाखवून दिलं की हिच्यात दम नाही." पोरांनी टाळ्या वाजवल्या. पहिल्या रांगेत ही बसलेली, दोन वेण्या, तोंड उघडं. तेच भाषण ती मनात धरून बसली असणार हे माझ्या कधी ध्यानात आलं नव्हतं.

आता खरं काय ते सांगतो.

आमच्याकडं तेव्हा सेल्फ लोडिंग रायफल होती. म्हणजे प्रत्येक गोळीला घोडा दाबायचा, पण दुसरी गोळी आपोआप आत चढते, गोळी आत ढकलणारा बोल्ट हातानं ओढावा लागत नाही. लाकडी दस्ता, लांब नळी, अंगानं जड. पळताना बरगडीला ठेचायची. पण मी तिच्यावर जीव टाकला होता. तीनशे यार्डांवर पाच गोळ्या मारल्या तर पाचही विडीच्या बंडलाखाली झाकतील एवढ्या जवळ बसायच्या. पलटणीच्या निशाणबाजीचा कप तीन वर्षं माझ्याकडं होता. तिच्या धक्क्यानं खांदा काळानिळा व्हायचा, आणि आंघोळीच्या वेळी ते निळं दिसावं म्हणून मी मुद्दाम बनियन लवकर काढायचो. इतका माज.

त्या वर्षी दसऱ्याच्या तोंडावर तिचीच सुधारलेली आवृत्ती आली. चाचणीसाठी थोड्याच. नळी आखूड, दस्ता लाकडाचा नाही, वजनाला हलकी, नेम धरायला नळीवर असते ती माशी मोठी आणि स्वच्छ दिसणारी. जवानांनी लगेच नावं पाडली. जुनी ती थोरली, नवी ती धाकटी. मग काय, दोन बायकांच्या दादल्याची सगळी चेष्टा माझ्या वाट्याला. कारण मी तेव्हा हवालदार होतो आणि चाचणीला नेमबाज म्हणून साहेबांनी माझंच नाव काढलं. दोन्ही रायफली मीच चालवायच्या. सारख्याच गोळ्या, सारखंच अंतर. एकदा धूळ टाकून, एकदा पाण्यात बुडवून. कुठली किती वेळा अडकते ते साहेब लिहिणार, आणि शेवटी माझं मत.

रायफली उघडून तपासायचं काम दस्तगीरचं. दस्तगीर शिकलगार, नायक म्हणजे हवालदाराच्या एक पायरी खाली, मिरजेचा. हत्यारांचा मिस्त्री. त्याचे आजे-पणजे तलवारींना धार लावायचे. तलवारी गेल्यावर त्याच घराण्याच्या हातांनी मिरजेत सतारी करायला घेतल्या. त्यामुळं याचं सगळं तपासणं कानानं. बोल्ट मागं ओढून सोडायचा, मान तिरकी करून ऐकायचा आणि म्हणायचा, "ही सुरात हाय" नाहीतर "हिची स्प्रिंग रडतीया." आम्ही हसायचो. पण त्यानं सुरात म्हटलेली रायफल कधी अडकलेली मी पाहिली नाही.

धाकटीचा बोल्ट त्यानं पहिल्यांदा सोडला आणि डोळे मिटले.

"हवालदार, लय गोड बोलतीया गड्या ही."

"गोड बोलणारीच घात करती," मी म्हटलं.

"तुला तिचा राग काय म्हणून?"

राग काय म्हणून ते मला माहीत होतं. पहिल्याच दिवशी मी तिच्यावर पाच गोळ्या मारल्या होत्या. साध्या, धुळीबिळीशिवाय. पाचही एका रुपयाखाली झाकतील अशा बसल्या होत्या. माझ्या मागं उभा असलेला कालचा भरती झालेला शिपाई म्हणाला, "उस्ताद, हिच्यावर तर मी पण कप मारीन." तो चेष्टेनं म्हणाला, पण ते खरं होतं. जी रायफल कुणाच्याही हातात नीट चालते, तिच्यासमोर माझ्या निळ्या खांद्याची काय किंमत?

खंडेनवमीला आमच्या पलटणीत हत्यारांची पूजा व्हायची. हत्यारं ठेवायची खोली, तिला फौजेत कोत म्हणतात. त्या दिवशी कोत झाडून, सारवल्यासारखी चकचकीत करून, सगळ्या रायफली ओळीनं मांडायच्या. हळद, कुंकू, झेंडू, नारळ. पूजेला मांडलेलं हत्यार रिकामं आहे हे दिसावं म्हणून त्याचा बोल्ट मागं ओढून उघडाच ठेवायचा, हा नियम. पूजा झाली की सगळी हत्यारं खोलून, चिंदी फिरवून साफ करायची, हाही नियम.

धाकटी नवी म्हणून मधोमध ठेवलेली. कुणीतरी तिच्या नळीला फुलांच्या मुंडावळ्या बांधल्या. हसण्याला ऊत आला. मी कुंकवात भिजवलेल्या तांदळाची मूठ भरली आणि ओरडलो, "नवरी उभी राहिली रं! अक्षता घ्या!" आणि लग्नात टाकतात तशा तिच्या अंगावर फेकल्या. बाकीच्यांनीही फेकल्या.

दस्तगीर दाराशी उभा होता. म्हणाला, "आरं हवालदार, तोंड उघडं हाय तिचं. दाणा आत जाईल."

"जाऊ दे की. नवरीच्या तोंडात घास नको व्हय?"

सगळी कोत हसली. तोही हसला, पण नजर रायफलीवरच होती. संध्याकाळी म्हणाला, "आण हिकडं, मी खोलून साफ करतो." मी म्हटलं, "मी चालवणार, मीच साफ करणार." तोही नियमच होता, जो चालवणार त्यानं साफ करायची. थोरलीला मी सुटी करून, एकेक भाग पुसून, दात घासल्यासारखी साफ केली. धाकटीच्या नळीतनं एक चिंदी ओढली, वरनं हात फिरवला आणि ठेवून दिली. विसरलो म्हणत नाही. मनातच नव्हतं.

दसऱ्याच्या दुसऱ्या दिवशी धुळीची चाचणी. माळावर वारा पडलेला, झेंडा लटकून राहिलेला. साहेब खुर्चीवर, मांडीवर वही. मागं दीडशे जवान बसलेले आणि तरी इतकं शांत की माझा श्वास मला ऐकू येत होता. पहिली थोरली. धूळ टाकली, झटकली, चालवली. एकदा अडकली, मी बोल्ट ओढला, पुढं चालली. मग धाकटी. धूळ टाकली. पहिली गोळी गेली. दुसरी गेली. तिसरीला घोडा दाबला आणि नुसतं टक्. बोल्ट पुरता मिटलेलाच नव्हता. ओढला, सोडला. पुन्हा टक्. पुन्हा ओढला. आता तो मागंही येईना.

मागनं कुणीतरी हळूच म्हणालं, "बसली रुसून."

माझ्या पोटात काय झालं सांगू? गार वाटलं. उन्हातनं येऊन माठातलं पाणी प्यावं तसं. ते मी आयुष्यभर विसरू शकलो नाही, की मला आधी बरं वाटलं होतं.

साहेबांनी हात केला. दस्तगीर पुढं आला, गुडघे टेकून धाकटीला खोललं. आत बोट घातलं. मी शेजारीच पालथा पडलेलो, मला त्याचा तळहात दिसत होता. त्यावर तांदळाचा अर्धा चेपलेला दाणा आला. लाल. त्यानं तो मला दिसेल एवढाच वेळ हात उघडा ठेवला. माझ्याकडं बघितलं. मग मूठ मिटली.

"क्या हुआ?" साहेबांनी विचारलं.

दस्तगीर उभा राहिला. सगळं रान कान देऊन होतं. तो थांबला. चांगला थांबला. मग म्हणाला, "साब, सफाई में कमी रह गई. राइफल की गलती नहीं है. जाँच मेरी थी."

साहेब चिडले. म्हणाले, तुला हवालदार करायचा कागद माझ्या टेबलावर आहे आणि तू हे असं काम करतोस? मग माझ्याकडं वळले. "हवालदार, तुम्हें कुछ कहना है?"

मी पालथा होतो. हनुवटी हातावर. तोंडात धूळ. मला कुणी धरलं नव्हतं, कुणी तोंड दाबलं नव्हतं.

"नहीं साब."

एवढंच बोललो. नुसते दोन शब्द, आणि खोटे.

अडकली ती अडकली म्हणत साहेबांनी लिहिलं, धुळीत भरवशाची नाही. माझं मत विचारलं तेव्हा मी जुनीच बरी म्हटलं आणि अंगठा नाही, सही केली, मोठ्या अक्षरात. मला शाबासकी मिळाली. दस्तगीर हवालदार झाला नाही, त्या वर्षीही नाही, पुढंही नाही. नायक म्हणूनच घरी गेला. त्यानं मला त्याबद्दल एक अक्षर विचारलं नाही. नुसतं माझ्या रायफलीचा सूर सांगायचं बंद केलं. खोलायचा, साफ करायचा, हातात द्यायचा. बस.

मी मनाला समजावलं ते असं, की तो पूजेचं नाव घ्यायला भ्याला. मुसलमान माणूस, देवाच्या अक्षतेवर बोट कसं दाखवेल? म्हणजे त्याच्या गप्प बसण्याचं कारणही मीच ठरवून टाकलं, आणि ते कारण माझ्या सोयीचं होतं.

आणि धाकटी? दोन वर्षांनी ती आलीच. बाकी ठिकाणच्या चाचण्या तिनं मारल्या असणार. निवृत्त होईस्तोवर मी तीच चालवली. वाळूत चालवली, चिखलात चालवली. एकदाही अडकली नाही. लोकांना रायफल अडकली की भीती वाटते. मला ती न अडकता सुटली की वाटायची. प्रत्येक गोळी जणू साहेबांसमोर साक्ष देऊन यायची.

सानिकाचा फोन आल्यापासून मला जेवण जाईना. रिपोर्ट द्यायला तिला खंडेनवमीपर्यंत मुदत होती. म्हणजे सात दिवस. मग सहा. मग पाच. माझ्या खोट्यावर भरवसा ठेवून ती चांगल्या हत्याराला नापास करणार, आणि तिच्या बरोबरीची पोरं-पोरी तेच जुनं जड धूड घेऊन कुठंतरी उभी राहणार. आमच्या घरची म्हणाली, "काय झालंय तुमास्नी? मेडल हरवल्यागत तोंड करून बसलाय."

ती दारात सुपात तांदूळ निवडत होती. नवमीच्या अक्षतांसाठी तुटके दाणे बाजूला काढत होती. अक्षता अखंड लागतात. मी त्या तुटक्या दाण्यांच्या ढिगाकडं बघितलं आणि फोन उचलला.

सगळं सांगितलं. जसं इथं लिहिलंय तसं, पोटात गार वाटलं होतं तेही. पलीकडं सानिका इतका वेळ गप्प की मला वाटलं या खेपेला खरंच रेंज गेली.

"आबा," ती शेवटी म्हणाली, "शाळेतलं भाषण..."

"खोटं हुतं."

मग तिनं आवाज बदलला. वर्दीतला आवाज काढला. "नवी रायफल मी साफ करून चालवतीया. रोज. ती चांगली हाय, आबा. खांद्याला लागत न्हाई, दम टिकतो. मला पहिल्या दिवशीच कळलं हुतं. मी तुमच्यासाठी..." तिथं ती थांबली. "मी खरं तेच लिहिते."

"लिही."

"आणि त्या मिरजेच्या आजोबांना सांगितलंत?"

मी म्हटलं, "चाळीस वर्सं झाली गं."

"मी ते विचारलं न्हाई."

माझीच नात. हट्ट कुठनं आला ते सांगायला नको.

आठव्या माळेला सकाळच्या गाडीनं लोणंदहून निघालो. बरोबर काय न्यावं कळेना. मिठाई नेली तर लाच दिल्यागत वाटलं असतं. मोकळाच गेलो. गाडी सातारा, कऱ्हाड करत खाली उतरली. पलूसकडच्या द्राक्षबागांत छाटण्या चालल्या होत्या. मला उतरून परत जावंसं तीनदा वाटलं. एकदा तर कऱ्हाडला खाली उतरलोही होतो. पाणी भरायला, असं मी मनाला सांगितलं. गाडी हलल्यावर पळत चढलो, या वयात, आणि डब्यातली एक बाई ओरडली, "आवं बाबा, मरायचंय का?"

मिरजेत स्टेशनवर शिकलगार सतारवाले कुठं म्हणून विचारलं, दुकान सापडायला वेळ लागला नाही. बाहेर वाळलेले मोठे भोपळे टांगलेले, सतारीचे. आत लाकडाचा भुसा आणि सरसाचा वास. दस्तगीर सतरंजीवर बसून तार पिळत होता. दाढी पांढरी, चष्मा जाड. हात तेच.

मी दारात उभा राहिलो. त्यानं वर बघितलं. ओळखलं. उठला नाही.

"ये हवालदार," म्हणाला. "चपला बाहेर काढ."

मी बसलो. वाक्य घोकून आलो होतो, ते गेलं. म्हटलं, "दस्तगीर, तो दाणा माझा हुता."

"म्हाईत हाय. मी काय, अंधळा हुतो?"

"मग तू बोलला का न्हाईस? पूजेचं नाव निघंल म्हणून?"

त्यानं तार सोडली. पहिल्यांदा रागानं बघितलं माझ्याकडं. "पूजेचं काय घेऊन बसलास? त्या कोतीत नारळ फोडायला दरवर्षी मलाच बोलवत हुता ना तुमी? सायबाला दाणा दाखवला असता तर सायबसुदीक हसला असता. मी थांबलो हुतो ते तुझ्यासाठी. ध्यानात असंल तर बघ. सायबानं विचारल्यावर मी किती वेळ थांबलो हुतो. म्हटलं, हवालदार मोठा मानी माणूस, आपल्या तोंडानं सांगंल. मी सांगितलं तर त्याची लाज जाईल." मग तार परत हातात घेतली. "तू न्हाई बोललास. मग मी बोललो. आणि सायबानं तुला परत विचारलं, तवाबी थांबलो."

बाहेर कुणीतरी रिक्षावाल्याशी भांडत होतं. ते भांडण संपेस्तोवर मी खाली पडलेला लाकडाचा भुसा बोटानं गोळा करत बसलो.

"हवालदारकीचा कागद..." मी कसंबसं म्हटलं.

"गेला तो. चार वर्सं जळलो त्याच्यापायी. मग हिकडं आलो, ही लाकडं हातात घेतली." त्यानं माफ केलं म्हटलं नाही. मीही माफी मागितली नाही. ते शब्द आम्हा दोघांच्याही तोंडात बसणारे नव्हते.

मग त्यानं मागनं दोन सतारी ओढल्या. एक जुनी, काळी पडलेली. "ही अब्बांच्या हातची. आणि ही माझी, गेल्या महिन्यात झाली. घडण तीच, थोडी सुधारलेली. डोळं मीट. आईक. कोणती बरी ते सांग."

त्यानं एक छेडली. मग दुसरी. त्याच्या चेहऱ्यावर काय चाललंय ते मिटल्या डोळ्यांनाही कळत होतं. पुन्हा परीक्षा. पुन्हा थोरली आणि धाकटी. माझा उजवा कान रायफलीनं कधीच खाल्लेला आहे, तरी जुनी म्हणावं असं पटकन तोंडात आलं. त्याच्या बापाची आहे, त्याला बरं वाटेल. मग वाटलं नवी म्हणावं, त्याच्या हातची आहे. दोन्ही उत्तरं जिभेवर होती आणि दोन्ही सोयीची होती.

डोळे उघडले. म्हटलं, "मला कळत न्हाई गड्या."

हे वाक्य मी आयुष्यात कुणाला बोललो नव्हतो. ना साहेबाला, ना बायकोला.

दस्तगीरनं नवी सतार उचलली, माझ्या डाव्या कानाशी आणली, चांगल्या कानाशी, आणि तार पुन्हा छेडली. मान तिरकी करून तो स्वतः ऐकत होता, कोतीत ऐकायचा तसा.

"सुरात हाय," तो म्हणाला.

सतारीबद्दल म्हणाला की आणखी कशाबद्दल, मी विचारलं नाही.